ओठांवरचं नाव

मृतांच्या रविवारी, म्हणजे गेलेल्यांची आठवण काढायच्या दिवशी, हॅम्बुर्गमध्ये नाचगाणं बंद असतं आणि सिनेमागृहांत गंभीर चित्रपट लावतात. माझ्या भावाचे चित्रपट त्या दिवशी हमखास लागायचे, कारण हारो थीसेनइतकं गंभीरपणे मरायला जर्मनीत दुसऱ्या कोणाला येत नव्हतं. अठ्ठावन्न सालच्या त्या नोव्हेंबरात मात्र एकाही थिएटरवर त्याचं नाव नव्हतं. आम्ही ओल्सडॉर्फच्या दफनभूमीतून भिजून घरी आलो, ओले कोट खुंट्यांना अडकवले आणि माझ्या भावजयीने, गेसाने, न बोलता बटर केक कापायला घेतला.

बेर्टरामची कबर नाही. थोरला मुलगा तो. चव्वेचाळीस साली पूर्वेच्या आघाडीवर बेपत्ता झाला तो झालाच. म्हणून गेसा दर वर्षी सासू-सासऱ्यांच्या कबरीवर एक माळ जादा ठेवते आणि परतताना कोणाशी बोलत नाही. आम्हीही तिला बोलतं करायला जात नाही.

टेबलाच्या टोकाला हारो बसला होता. गळ्याला करड्या रंगाचा रेशमी रुमाल, समोर दोरी बांधलेली पाटी. जूनमध्ये डॉक्टरांनी कर्करोगासकट त्याचा कंठच काढून टाकला होता. रुमालाखाली भोक होतं आणि श्वास तिथूनच यायचा-जायचा.  अहो, कसा आवाज होता तो! मी तीस वर्षं नाटकांत प्रॉम्प्टर होते, रंगमंचाच्या पुढ्यातल्या खोबणीत बसून भल्याभल्यांना वाक्यं पुरवली. हारोला वाक्य पुरवलं की तेच वाक्य वर जाऊन असं काही गाजायचं की मला वाटायचं, मी हे बोललेच नव्हते. युद्ध संपल्यावर नाटकाला लोक तिकिटाऐवजी कोळशाची वीट घेऊन यायचे, तेव्हाही थंडीने कुडकुडत त्याच्याचसाठी यायचे. पुढे चेहरा थकला. डोंगरगावांच्या गोड गोड सिनेमांत त्याला प्रेमळ वनरक्षक करायला लागले. पण आवाज खणखणीत होता, म्हणून अमेरिकन सिनेमातल्या एका घोडेस्वाराला तो जर्मन बोलायला लावायचा. पोरं रस्त्यात त्याला थांबवून सांगायची, काका, ते बंदूकवालं वाक्य म्हणा ना. तो म्हणायचा. त्याला आवडायचं हो ते, उगाच कशाला खोटं बोलू.

"योर्न, केक घे," गेसा म्हणाली.

योर्न धाकटा. अठ्ठावीस वर्षांचा, उंच, खांदे थोडे वाकलेले. तो वडिलांच्या समोरच्या खुर्चीत बसला होता आणि जेवताना काय, कॉफी पिताना काय, नजर ताटलीतून वर काढत नव्हता. यातली गंमत सांगते, म्हणजे गंमत नाहीच ती. योर्न बहिऱ्या मुलांच्या शाळेत मास्तर आहे. त्या पोरांना ओठांवरून बोलणं ओळखायला तो शिकवतो. हारो पाटीवर खरडायच्या आधी सवयीने ओठ हलवायचा, अख्खी वाक्यंच्या वाक्यं बोलून जायचा, आणि आम्ही बाकीचे बावळटासारखे त्याच्या तोंडाकडे बघत बसायचो. घरात ते वाचता येणारा एकच माणूस होता, आणि तो केकमधले बदाम बाजूला काढत होता.

आन्केने कप खाली ठेवला. ती मधली, वडिलांची लाडकी, वडिलांच्याच नाटक कंपनीत नटी. तिचा कप असा वाजला की मला कळलं, आता पहिला अंक सुरू.

"रेंत्श बुधवारपर्यंत थांबणार," ती म्हणाली. रेंत्श म्हणजे हारोच्या शेवटच्या चित्रपटाचा दिग्दर्शक. "त्यानंतर बर्लिनहून कोणाला तरी बोलावून बाबांचं सगळं काम डब करून घेणार."

"मग घेऊ दे," योर्न म्हणाला.

"घेऊ दे? अरे, बेटावर शूटिंग झालं तेव्हा वाऱ्याने सगळा आवाज खाल्लाय. तेव्हाच ठरलं होतं, नंतर स्टुडिओत बाबा पुन्हा बोलतील. आता बाबा बोलू शकत नाहीत. म्हणजे बाबांच्या शेवटच्या कामात बाबांच्या तोंडून बर्लिनचा कुणी सोम्यागोम्या बोलणार!"

"बरं."

"बरं काय बरं! तू फोन उचललास की आजही लोक तुला बाबा समजून थीसेनसाहेब म्हणतात. रेंत्शने स्वतः विचारलंय, तुमचा भाऊ येईल का?"

योर्नने मान वर केली. वडिलांकडे नाही, माझ्याकडे बघितलं. "आत्या, तुला हे माहीत होतं?"

मला माहीत होतं. मी केकचा तुकडा तोंडात घातला.

"वा! म्हणजे सगळं ठरवून मला जेवायला बोलावलंय. दफनभूमी, केक, आणि मग हे."

"तुझ्याकडे दुसरं काय मागितलंय आजवर कोणी?" आन्केचा आवाज चढला. "एक दिवस! एक दिवस काचेच्या खोलीत उभं राहायचं आणि बोलायचं. त्यांच्याकडे बघ तरी एकदा! पाच महिने झाले, तू त्यांच्या तोंडाकडे बघितलं नाहीस. परक्याच्या पोरांसाठी जे रोज करतोस ते बापासाठी करायला जड जातं तुला?"

हारोने हात वर केला. ओठ हलले, काहीतरी लांबलचक. सगळे योर्नकडे बघायला लागले. योर्नने कॉफीत साखर घातली, जरी तो साखर घेत नाही.

मग हारोने पाटी ओढली आणि लिहिलं: बर्लिनवाला चालेल.

आणि ती पाटी अशी धरली की सगळ्यांना दिसावी. नटच तो. घरच्या टेबलावरही शेवटच्या रांगेतल्या माणसाचा विचार करणार. ते वाक्य खोटं होतं हे शेवटच्या रांगेतल्या माणसालाही कळलं असतं.

"बघ," आन्के म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. "बघ, कसं लिहितायत."

आता गेसा नवऱ्याच्या बाजूने बोलणार असं मी धरून चालले होते. आन्केनेही तसंच धरलं होतं. तिने आईकडे हात पसरले, म्हणजे आता तूच सांग त्याला. गेसाने सुरी पुसली, केकच्या ताटलीत ठेवली.

"योर्न, तू जायचं नाहीस."

"आई!"

"तू गप्प बस, आन्के. मला बोलू दे. पंधरा वर्षं मी केक कापतेय." गेसा हारोकडे बघतही नव्हती, ती खिडकीकडे बघून बोलत होती. "त्रेचाळीस साली याने आरमाराचा तो सिनेमा केला. कप्तान झाला होता. त्यातल्या कोवळ्या पोराच्या खांद्यावर हात ठेवून म्हणतो, आता तू मोठा झालास, पोरा, जा. माझा बेर्टराम तो सिनेमा पुन्हा पुन्हा बघून आला. मग त्याला सैन्याचं बोलावणं आलं. हारो म्हणाला, मी खूप धडपडलो गेसा, मंत्रालयापर्यंत गेलो, कोणी ऐकलं नाही. मी म्हटलं, असेल. तुझा इलाज नसेल. पण तो पोरगा जाताना हसत गेला, का माहितीये? कारण तो आवाज त्याच्या कानात होता. माझ्या एका पोराला या आवाजाने नेलं. दुसऱ्याला त्या आवाजात घालू नका."

 हारोच्या गळ्यातून श्वास वाजत होता, भराभर. त्याचे ओठ हलले, एकदाच, छोटंसं काहीतरी. मी योर्नकडे बघितलं. त्याचा चेहरा पांढरा पडला होता, पण वडिलांमुळे नव्हे. तो आईकडे बघत होता.

ट्रामच्या थांब्यापर्यंत मी योर्नबरोबर गेले. छत्री एकच, आणि तो उंच, त्यामुळे मी भिजतच होते.

"आईला अजून वाटतं, बोलावणं आलं होतं," तो म्हणाला.

"आलंच होतं ना?"

"आत्या." तो थांबला. "बेर्टराम सतरा वर्षांचा होता. त्याला कोणी बोलावलं नव्हतं. तो स्वतःहून भरती व्हायला निघाला होता आणि त्याला वडिलांची सही हवी होती. नाटकाच्या मध्यंतरात मेकअपच्या खोलीत गेला. मी बरोबर होतो, बाकावर बसून रंगाच्या डब्या उघडत होतो. बाबांनी आरशातून त्याच्याकडे बघितलं, हसले, आणि त्या कप्तानाच्या आवाजात म्हणाले, जा, पोरा. गंमत म्हणून. सगळे हसले. कपडेपट सांभाळणाऱ्या बाईने टाळ्या वाजवल्या. आणि मग टाळ्या वाजल्यावर त्यांना नाही म्हणता येईना. त्यांनी सही केली. मेकअपच्या पेन्सिलने नको म्हणून माझ्याकडे पेन मागितलं. मीच दिलं."

मी ओल्या कोटाची कॉलर वर केली. 

"युद्धानंतर नाझींची चौकशी करणाऱ्या समितीपुढेही गेले," योर्न पुढे म्हणाला. "मी बाहेर दालनात बसलो होतो. दार बंद होतं, पण तो आवाज दाराला कुठे ऐकतोय! सिनेमाची मला सक्ती केली, मुलालाही सक्तीने नेलं, असं म्हणाले. असं काही सुंदर म्हणाले की आत कोणीतरी नाक शिंकरलं. आणि घरी येऊन आईलाही तेच. त्या दिवशी मी ठरवलं, जिथे हा आवाज कोणाला ऐकू येत नाही तिथे काम करायचं. माझी पोरं माझ्या गळ्यावर हात ठेवून आवाज शिकतात, आत्या. त्यांना फक्त थरथर कळते. ती कोणासारखी आहे हे त्यांना माहीत नसतं."

"गेसाला सांगू नकोस रे," मी म्हणाले. "तिचा एवढाच एक आधार आहे. आपल्या माणसाचा इलाज नव्हता."

"इतकी वर्षं नाही सांगितलं. आता काय सांगणार?"

ट्राम लांबून दिसायला लागली. आणि मग त्याने मला विचारलं, त्या सिनेमात आहे तरी काय. मी बेटावर हारोबरोबर गेले होते, त्याची वाक्यं पाठ करून घ्यायला. मी सांगितलं, म्हातारा खलाशी आहे, वादळात पुतण्याला, आन्टोनला, होडी घेऊन पाठवतो, आणि पोरगा बुडतो. शेवटी म्हातारा एकटा किनाऱ्यावर उभा राहून समुद्राशी बोलतो. "काय बोलतो?" योर्नने विचारलं. मी त्याला पुटपुटून दाखवलं, जसं खोबणीतून पुटपुटते तसं: आन्टोन. मी तुला जा म्हणालो. कोणी मला भाग पाडलं नव्हतं.

योर्न हसला. त्या हसण्याची मला भीती वाटली.

"कॅमेऱ्यासमोर म्हणाले तर! पगार घेऊन. घरात एकदाही नाही."

"योर्न..."

"सांग रेंत्शला, येतो म्हणावं. एकदा तरी त्या आवाजात ते वाक्य ऐकायचंय मला. माझ्या तोंडून का होईना."

बुधवारी सकाळचं मला गेसाने पुढे कधीतरी सांगितलं. हारो स्वयंपाकघरातल्या आरशासमोर दाढी करत होता. पूर्वी दाढी करताना तो वाक्यं म्हणायचा आणि ती वैतागायची, अरे, दूध उतू जाईल तुझ्या त्या राजाच्या नादात. आता नुसता वस्तरा फिरत होता. तिला ते घर इतकं रिकामं वाटलं की तिने उगाच भांडी आपटली. तिला तो आवाज नको होता आणि त्या आवाजाविना तिला करमतही नव्हतं, ही तिची अडचण. हारो कोट घालून दारात उभा राहिला. पाटी त्याने मुद्दाम टेबलावर ठेवली. तिच्याकडे बघून ओठ हलवले. तिला कळलं नाही, म्हणून ती चिडली, आणि तो गेल्यावर तीही कोट घालून निघाली. पोराला हाताला धरून परत आणायचं, एवढंच तिच्या डोक्यात होतं.

स्टुडिओ शहराबाहेर, जुन्या लाकडी बराकींमध्ये. आत अंधार, समोर छोटा पडदा, मध्ये माइक. फितीचा एक तुकडा गोल जोडून ठेवतात आणि तोच तो प्रसंग पुन्हा पुन्हा फिरत राहतो. बोलणाऱ्याने पडद्यावरच्या ओठांत आपलं वाक्य बसवायचं. रेंत्श यंत्रवाल्या पोरीला सूचना देत होता. मी, आन्के आणि हारो काचेमागे बसलो.

सुरू करण्यापूर्वी हारो उठून आत गेला. नाटकवाल्यांची रीत ती: प्रयोगाआधी डाव्या खांद्यावरून तीनदा थुंकल्यासारखं करायचं, तोय, तोय, तोय. आणि ज्याच्यासाठी केलं त्याने आभार मानायचे नाहीत, मानले तर सगळं फिसकटतं. नाटकवाल्यांच्या घरातल्या शेंबड्या पोरालाही हे माहीत असतं. हारो योर्नच्या मागे उभा राहिला आणि त्याच्या खांद्यावरून त्याने तीनदा आवाज न करता तसं केलं. आवाज कुठून येणार?

"आभारी आहे," योर्न पडद्याकडे बघत मोठ्याने म्हणाला.

"मुद्दाम करतोय!" आन्के माझ्या कानाशी फुसफुसली. "मेला मुद्दाम करतोय." हारो परत येऊन बसला, रुमाल सारखा केला. मला त्याची इतकी दया आली की मी त्याचा हात धरला. गार होता.

पण योर्नने तोंड उघडलं आणि आम्ही सगळेच पुढे सरकलो.  पडद्यावर हारो, आणि हारोचाच आवाज, पंधरा वर्षांपूर्वीचा, न थकलेला. छोटी छोटी वाक्यं होती, होड्यांची, हवामानाची, कुत्र्याला हाक मारायची. आन्के रडत होती आणि हसत होती. रेंत्श म्हणाला, "थीसेनसाहेब, हा तुमचा मुलगा शाळेत काय करतोय हो? गुन्हा आहे हा." हारोने मान डोलावली. गर्वाने डोलावली. काय करणार, तो तसाच होता.

जेवणानंतर शेवटचा प्रसंग लावला. त्याच वेळी मागचं दार उघडून गेसा आत आली आणि योर्नच्या खोलीतच, भिंतीलगतच्या बाकावर, पर्स मांडीवर घेऊन बसली. योर्नने तिला बघितलं. "आई, एवढं एकच राहिलंय," तो म्हणाला.  पडद्यावर तिचा नवरा किनाऱ्यावर उभा होता आणि ती त्याच्याकडे बघत होती.

फीत फिरली. योर्नने तोंड उघडलं आणि मिटलं.

"काय झालं?" रेंत्शने विचारलं.

"पुन्हा लावा."

पुन्हा लावली. वारा, पांढरे केस, जवळून घेतलेला चेहरा, ओठ.

"हे आन्टोन नाही," योर्न म्हणाला.

"म्हणजे?"

"आन्टोन म्हणताना ओठ मिटत नाहीत. इथे सुरुवातीला मिटलेत आणि शेवटीही मिटलेत. ब आणि म ओठ मिटल्याशिवाय म्हणताच येत नाहीत."

काचेमागे हारोने माझा हात धरला. आन्केला अजून कळलं नव्हतं. मला कळलं. त्या दिवशी मी त्याच्यापासून दहा पावलांवर उभी होते आणि वाऱ्यात मला एक अक्षर ऐकू आलं नव्हतं. आवाज नंतर भरायचा आहे म्हणून कोणी कान दिलाच नव्हता, आणि ते त्यालाही माहीत होतं.

"थंडीने ओठ थरथरले असतील," रेंत्श म्हणाला. "तुम्ही बोला आन्टोन, कोण बघतंय?"

"पुन्हा लावा. आणि आता कोणी बोलू नका."

फीत फिरत राहिली. योर्न पडद्याच्या अगदी जवळ गेला. पाच महिने ज्या तोंडाकडे त्याने बघितलं नव्हतं ते आता पडदाभर होऊन समोर होतं, आणि तो वर्गातल्या पोरासारखं ते एकेक अक्षर वाचत होता. त्याचे स्वतःचे ओठ हलायला लागले. मग हलायचे थांबले. त्याने एकदा मागे वळून आईकडे बघितलं. ती पर्सचा बंद घट्ट धरून बसली होती.

मी काचेमागून त्याला म्हणत होते, आन्टोन म्हण, बाळा. आन्टोन म्हण आणि घरी चल. तीस वर्षं मी चुकलेल्या नटांना बरोबर वाक्य पुरवलंय, तेव्हाही मी तेच करत होते. त्याने माझ्याकडे बघितलंच नाही. त्याने हारोकडे बघितलं. सरळ, तोंडाकडे. पहिल्यांदाच.

हारो उभा राहिला होता. काचेला नाक लागेल इतका जवळ. त्याचे ओठ एकदाच हलले, आणि तेवढं मलाही वाचता आलं. म्हण.

योर्न माइकसमोर गेला. फीत फिरून पहिल्या जागी आली. आणि त्या अंधाऱ्या खोलीत माझ्या भावाचा आवाज म्हणाला:

"बेर्टराम. सही मी केली. मला कोणी भाग पाडलं नव्हतं."

प्रत्येक अक्षर ओठांत बसलं. ब जिथे मिटायचा तिथे मिटला, म जिथे मिटायचा तिथे मिटला.

"सही?" रेंत्श गोंधळला. "कसली सही? अहो, आपल्या सिनेमात सही कुठे आहे?"

 तो उगाच संहितेचे कागद चाळत बसला. नंतर त्याला हवं होतं म्हणून आन्टोनवालं वाक्यही योर्नने बोलून दिलं, एका दमात, आणि सिनेमात तेच गेलं. वसंतात तो लागला तेव्हा एका समीक्षकाने लिहिलं की थीसेन यांच्या अखेरच्या भूमिकेतल्या सर्वोच्च क्षणी डबिंग ढिसाळ आहे, ओठ एक म्हणतात आणि आवाज दुसरंच. आन्केने ते वाचून वर्तमानपत्र फाडलं. हारोने ते तुकडे जुळवून पुन्हा वाचलं आणि मान डोलावली, कारण समीक्षक बरोबर होता.

पण त्या बुधवारी. फीत अजून फिरतच होती, आवाज नसलेला हारो पडद्यावर पुन्हा पुन्हा तेच म्हणत होता. आन्केचा हात तोंडावर होता. तिला आता सगळं कळलं होतं आणि ती वडिलांपासून एक खुर्ची लांब सरकली होती. लाडकी लेक. ती नंतर बरेच दिवस तशीच लांब राहिली.

हारो आत गेला. गेसा बाकावरून उठली नाही. तो तिच्यासमोर उभा राहिला, हातात पाटी नव्हती, ती तर घरी टेबलावर होती. त्याने रुमाल सोडला, का ते कोणास ठाऊक, कदाचित गुदमरला असेल. आणि तो बोलायला लागला. भराभर, न थांबता, ओठांनी. गळ्याच्या भोकातून नुसती हवा येत होती.

गेसा त्याच्याकडे बघत होती. तिचा चेहरा मी कधी तसा बघितला नव्हता, इतक्या वर्षांत आणि इतक्या नाटकांत. रडत नव्हती ती. तिला फक्त ऐकायचं होतं आणि ऐकायला काहीच नव्हतं.

"काय म्हणतोय?" तिने विचारलं. "योर्न, काय म्हणतोय तो?"

योर्न जवळ आला. वडिलांच्या तोंडाकडे बघत, त्यांच्या मागोमाग तो बोलायला लागला, जसं शाळेत एखाद्या पोराचं बोलणं त्याच्या आईला वाचून दाखवतात तसं.

"गेसा. त्या रात्री मध्यंतरात तो आला. मी आरशात बघत होतो. मला वाटलं, गंमत आहे. सगळे हसले, गेसा, आणि मला..."

"थांब!" गेसाने दोन्ही कान झाकले. "त्याच्या आवाजात नको. मी सांगितलं होतं ना, त्याच्या आवाजात नको! तुझ्या आवाजात सांग मला."

योर्न थांबला. हारोचे ओठही थांबले. दोघे शेजारी शेजारी उभे होते, एकसारखे वाकलेल्या खांद्यांचे.

"आई," योर्न म्हणाला, "माझा आवाज हाच आहे. मला दुसरा नाही."

गेसाने त्याच्याकडे बघितलं.  मग हळूहळू तिने कानांवरचे हात काढले आणि पर्सवर ठेवले.

"मग असाच सांग," ती म्हणाली, आणि तिने डोळे मिटून घेतले.